खोली १७ : विरलेली २८ मिनिटं

फाटलेला काळ आणि विरलेला काळ यांतला फरक आमच्या धंद्यात पहिल्याच वर्षी शिकवतात. फाटलं असेल तर दोन्ही कडा ओढून टाके घालायचे. विरलं असेल तर कडांना हातसुद्धा लावायचा नाही. आधी खालून अस्तर, मग रफू. शिंप्याच्या पोरालाही कळेल इतकी साधी गोष्ट. काळरफूची कामं इतकी वर्षं करूनही माझगाव आणि वाडीबंदरच्या मधल्या एका चाळीत मी नेमका तिथेच चुकलो, आणि त्यापायी एका बाईंची डाळ जळली. डाळीवरच भागलं हे नशीब. खात्यात येणाऱ्या नव्या मंडळींना उपयोगी पडेल म्हणून हे प्रकरण आहे तसं लिहून काढतोय, माझ्या चुकीसकट.

मीटर

तक्रार आली ती विजेच्या मीटरवरून. चाळ तळमजला अधिक तीन, मजल्याला आठ खोल्या, लाकडी जिना, मागे गॅलरी. पुनर्विकासाची बोलणी कित्येक वर्षं चालू आहेत आणि तितकीच वर्षं अडकलेली आहेत. दुसऱ्या मजल्यावर पॅसेजच्या टोकाला खोली १७ आणि तिच्या दाराबाहेर भिंतीवर हे मीटर. नव्या जातीचं, स्वतःची वेळ ठेवणारं. ते रोज २८ मिनिटं मागे पडायचं. तीनदा बदलून झालं. तिसरंही तसंच वागायला लागल्यावर एका जुन्या लाइनमनने आमच्याकडे फोन केला. म्हणाला, "साहेब, मीटर नाही बिघडलेलं, भिंत बिघडलीय." माझ्या आयुष्यातलं सर्वांत नेमकं निदान त्याचं, आणि ते मी पुरतं ऐकलं नाही.

खोलीत एक आजी राहतात. नातू आणि नातसून दोघंही सकाळी बाहेर पडतात ते रात्री येतात. मी भिंतीवरच्या घड्याळाची चौकशी केली तर नातू हसला. "आजीचं घड्याळ ना? तिसरं आहे. रोज जेवायच्या आधी मी काटा पुढे करतो, आता हातालाच सवय झालीय." मोबाइलचं काय, तर मोबाइल बरोबर. बरोबर असणारच. मोबाइल नेटवर्ककडून वेळ घेतो; आत काळ अडला तरी बाहेर आल्याबरोबर तो गपकन उडी मारून जगाच्या वेळेला येतो आणि झाल्या प्रकाराचा मागमूस ठेवत नाही. काळाचे बारीक बिघाड हल्ली लवकर उघडकीला येत नाहीत त्याचं हे मोठं कारण. पूर्वी घरातलं किल्लीचं घड्याळ चुगली करायचं.

मग आम्ही चहाची चाचणी घेतली. यंत्रं पेटीतून काढण्याआधी ही करावीच, कारण तिला खर्च नाही आणि घरातल्यांनाही ती पटते. दुपारी चार वाजून पाच मिनिटांनी एकाच पातेल्यातला चहा दोन कपांत ओतला. एक कप आजींच्या खुर्चीशेजारच्या स्टुलावर, दुसरा बाहेर जिन्याच्या कठड्यावर. ४ वाजून ३४ मिनिटांनी कठड्यावरच्या चहावर जाड साय धरली होती आणि कप हाताला गार लागत होता. स्टुलावरच्या कपातून वाफ निघत होती. आजी खुर्चीत बसून होत्या. त्यांनी कप उचलला, फुंकर मारली आणि मला म्हणाल्या, "तुम्ही आत्ता इथे दारात होतात ना? जिन्यावर कधी गेलात?"

साठीच्या पुढचं माणूस दुपारी चारला खुर्चीत डोळे मिटून बसलेलं दिसलं की घरचे डुलकी म्हणतात आणि आपल्या कामाला लागतात. म्हणून हे इतकी वर्षं खपून गेलं.

नंतर रीतसर मोजणी. आमच्या पेटीत दोन रुबिडियम घड्याळं, म्हणजे अतिशय अचूक अणुघड्याळं असतात. दोघांत दिवसाकाठी पडणारा फरक मायक्रोसेकंदांत मोजावा लागतो. एक खुर्चीवर ठेवलं, एक जिन्यात. चोवीस तासांनी झोळ, म्हणजे दोन घड्याळांतला फरक, निघाला २८ मिनिटं, वर तीन सेकंद. (कोणीतरी विचारतंच म्हणून सांगून टाकतो: उंचावरचं घड्याळ खालच्यापेक्षा जरा जलद चालतं हे खरं आहे. पण दोन मजल्यांच्या उंचीने पडणारा फरक दिवसाला नॅनोसेकंदाच्या दहाव्या भागाइतकाही नसतो. तो विसरा.) बिघाडाची मूळ जागा खुर्चीपुरती, अडीच फूट बाय तीन. तिथे झोळ पूर्ण. तिथून तो पसरत दाराच्या उंबऱ्याबाहेर पॅसेजमध्ये चार फूट आला होता आणि मीटर त्या चार फुटांत सापडलं होतं.

आणि वेळ? रोज ४ वाजून ६ मिनिटं ते ४ वाजून ३४ मिनिटं. चौदा दिवस मोजलं, सेकंदाचा फरक नाही.

मी स्फोट म्हणालो

मुंबईत गोदीच्या आसपास काम करणाऱ्या कोणालाही हे दोन आकडे दाखवा, तो एकच तारीख सांगेल. १४ एप्रिल १९४४. व्हिक्टोरिया गोदीत फोर्ट स्टिकिन नावाचं जहाज उभं होतं. पोटात सुमारे १४०० टन स्फोटकं, त्यांच्याच जोडीला कापसाच्या गासड्या, तेलाची पिंपं आणि सोन्याच्या विटा. दुपारी कापसाला आग लागलेली दिसली. ४ वाजून ६ मिनिटांनी पहिला स्फोट झाला आणि ४ वाजून ३४ मिनिटांनी दुसरा. कुलाब्याच्या वेधशाळेतल्या भूकंपमापकावर दोन्हींची नोंद झाली. आग विझवायला गेलेले अग्निशामक दलाचे ६६ जवान त्यात गेले. १४ एप्रिल हा देशभर अग्निशमन सेवा दिन म्हणून पाळतात तो त्यांच्यासाठी. मधली २८ मिनिटं. आमच्या झोळाची २८ मिनिटं. चाळ गोदीपासून चालत दहा मिनिटांवर.

माझ्या जागी कोणीही असता तरी हेच म्हणाला असता, असं मी स्वतःला बरेच दिवस सांगत होतो. पण त्याच दुपारी मला दोन प्रश्न पडायला हवे होते. स्फोटाने काळ फाटला असेल तर गोदीला याहून चिकटून असलेल्या इमारतींमध्ये काहीच कसं नाही? आणि अख्खी चाळ सोडून फाट एका खुर्चीएवढीच कशी? आकडे इतके चपखल जुळले की मी बाकीचं बघायचंच सोडलं.

कागदावर लिहिलं: आघाताने पडलेली फाट, जुनी, कडा शाबूत. उपाय: ओढटाका.

ओढटाका म्हणजे काय ते थोडक्यात. आमच्या यंत्राची सुई बिघाडाच्या अलीकडचा क्षण आणि पलीकडचा क्षण अशा दोन्ही कडांत अडकवायची आणि ताण देत देत त्या एकमेकींना भिडवायच्या. खरी फाट असेल तर तीन-चार दिवसांत मिटते. ४ वाजून ६ मिनिटांची एक कड, ४ वाजून ३४ची दुसरी. सुई जमिनीत बोल्ट मारून बसवली आणि ताण द्यायला सुरुवात केली.

पहिल्या दिवशी झोळ २६ मिनिटांवर आला. आम्ही खूश. दुसऱ्या दिवशी २५ झाला, पण पॅसेजमधली हद्द चारावरून सात फुटांवर गेली. माझ्या वहीत त्या दिवशीची नोंद आहे, 'कड सैल होत असावी, ताण वाढवला'. ती नोंद मी अजून खोडलेली नाही.

तिसऱ्या दिवशी ४ वाजून ५ मिनिटांनी खोली १८ मधल्या काकू पायपुसणं झटकायला दाराबाहेर आल्या. आत गॅसवर कुकर होता. दोन शिट्ट्या झाल्या होत्या, तिसरी झाली की बंद करायचा. त्यांनी पायपुसणं एकदा कठड्यावर आपटलं, दुसऱ्यांदा आपटलं, आणि त्यांना जळका वास आला. त्यांच्या लेखी मध्ये काहीच घडलं नव्हतं. दुसऱ्या झटक्याची धूळसुद्धा अजून हवेत होती. आत स्वयंपाकघरात मात्र कुकर २८ मिनिटं पेटत्या गॅसवर होता. पाणी आटलं, सेफ्टी व्हॉल्व्ह उडाला, तूरडाळ तळाला कोळसा होऊन चिकटली आणि ओट्यामागची भिंत काळी झाली. हद्द त्यांच्या दाराबाहेरच्या उंबऱ्यापर्यंत पोचली होती, आतल्या ओट्यापर्यंत नाही. ओट्यापर्यंत पोचली असती तर गॅसही थांबला असता आणि काही झालं नसतं. धोका कडेवर असतो, तो हा असा.

त्याच वेळी जिन्याच्या वळणावर शाळेतून आलेली दोन मुलं अडकली होती. त्यांना पत्ताही नव्हता. घरी पोचल्यावर 'इतका वेळ कुठे होतात' म्हणून एकाला धपाटा बसला. त्याच्या आईची मी दुसऱ्या दिवशी जाऊन माफी मागितली. धपाट्याचं काय करायचं ते तिचं तिला कळेना, मला तर नाहीच नाही.

सुई ताबडतोब बंद केली. हद्द तोवर अकरा फूट, आणि झोळ परत २८ मिनिटांवर.

कुठल्या घड्याळाचे चार?

त्या रात्री आमच्या तुकडीतल्या सर्वांत नव्या मुलीने एक प्रश्न विचारला. जरा घाबरतच विचारला, कारण प्रश्न फार सोपा होता. "सर, ४ वाजून ६ मिनिटं हे कुठल्या घड्याळाचे?"

मुंबईच्या बाबतीत हा प्रश्न विचारल्याशिवाय कोणी पुढे जाऊ नये. १ जानेवारी १९०६ पासून देशात भारतीय प्रमाणवेळ आली, तरी मुंबईने आपली मुंबई वेळ सोडली नाही. ती प्रमाणवेळेच्या ३९ मिनिटं मागे. दोन्ही वेळा शेजारी शेजारी नांदल्या, थेट १९५५ पर्यंत. त्यात दुसऱ्या महायुद्धात, १९४२च्या सप्टेंबरपासून १९४५च्या ऑक्टोबरपर्यंत, प्रमाणवेळच एक तास पुढे सरकवली होती. म्हणजे १९४४च्या एप्रिलमध्ये गोदीवरचं सरकारी घड्याळ ४ वाजून ६ मिनिटं दाखवत असेल, तर आजच्या घड्याळाप्रमाणे ते ३ वाजून ६ मिनिटं, आणि जुन्या मुंबई वेळेने अडीचलाही तीन मिनिटं कमी.

आता विचार करा. स्फोटाने काळाच्या कापडालाच भोक पडलं असेल तर ते कापडात आहे. कापडाला घड्याळ ठाऊक नसतं, सरकारी आदेश तर नसतोच नसतो. सूर्य जिथे होता तिथे फाट दिसली पाहिजे. म्हणजे आजच्या ३ वाजून ६ मिनिटांना. आमचा बिघाड आजच्या ४ वाजून ६ मिनिटांना होत होता. पूर्ण एक तासाचा फरक. १९४५ साली काटे मागे घेतले तेव्हा हा बिघाडही काट्याबरोबर मागे आला होता. जे घड्याळाच्या तबकडीच्या मागे मागे चालतं ते माणसाने केलेलं असतं.

मी वही मिटली. लाइनमन म्हणाला होता की भिंत बिघडलीय. भिंत रोजच्या घासण्याने बिघडते, एका दिवसात नाही.

मामंजी

दुसऱ्या दिवशी सकाळी, पाणी भरून झाल्यावर, मी आजींपुढे जाऊन बसलो आणि आधीच विचारायला हवं होतं ते विचारलं. या खुर्चीत तुमच्याआधी कोण बसायचं?

"मामंजी," त्या म्हणाल्या. "मी लग्न होऊन आले ना, तर पहिल्याच आठवड्यात सासूबाईंनी दोन गोष्टी सांगितल्या. नळ पहाटे येतो, आणि चारला मामंजींशी बोलायचं नाही."

त्यांचे सासरे गोदीत बारदान शिवायचे. फाटलेली पोती, उसवलेल्या गोण्या, हातात दाभण आणि कमरेला सुतळीचा गुंडा. १४ एप्रिलला पहिल्या आवाजाबरोबर ते गेटाबाहेर पळाले. जोडीदार आत राहिला. ते गेटाशी उभे राहिले. आत जावं की जाऊ नये. दुसरा आवाज होईपर्यंत तिथेच उभे होते.

"हे सगळं मला ह्यांनी सांगितलं, मामंजी कधी बोलले नाहीत. ह्यांच्याशी पण एकदाच. 'वेळ होता' एवढंच म्हणाले म्हणे. 'जायला वेळ होता.'"

त्यानंतर मरेपर्यंत रोज तीच खुर्ची, तोच कोपरा. भिंतीवर किल्लीचं घड्याळ. सकाळी गोदीच्या भोंग्यावर ते लावायचे आणि दुपारी चार वाजून सहा मिनिटं झाली की बसायचे. लग्न असो, सुतक असो, गणपती असोत. युद्ध संपून काटे एक तास मागे आले तरी ते काट्याप्रमाणेच बसले. त्यांचं चार-सहा हे घड्याळावरचं चार-सहा होतं. इतरांची रोजची पूजा, रोजचा चहा, रोजची वामकुक्षी यांनी काळ विरत नाही, कारण त्या मागेपुढे होतात. आज दहा मिनिटं उशीर, उद्या पाहुणे आले म्हणून रद्द. या माणसाने तोच क्षण त्याच जागी नेमका धरला आणि सोडला नाही. देवळाच्या पायरीला मधोमध खळगा पडतो, तसा तिथे काळाला खळगा पडला.

"आणि मग तुम्ही?"

"ते गेल्यावर खुर्ची रिकामी बघवेना. म्हणून बसायला लागले. पन्नास वर्षं तरी झाली असतील." मग जरा थांबून, हळू आवाजात: "खरं सांगू का, मला बरं वाटायचं. बसले की उठलेच. मध्ये काही नाहीच."

मी मनातल्या मनात हिशेब केला आणि न राहवून सांगितलाही. रोज २८ मिनिटं, पन्नास वर्षं, म्हणजे सगळं मिळून एक वर्ष, त्यात फक्त दहा दिवस कमी. आजी त्यांच्या आधार कार्डापेक्षा जवळजवळ वर्षाने लहान आहेत. त्या खो खो हसल्या आणि म्हणाल्या, "ते नातसुनेला सांगा."

दोरा

निदान बदललं: विरलेलं, दुहेरी वापराचं, आमच्या ताणाने कडेला उसवलेलं. उपाय: अस्तर आणि सावकाश रफू.

अस्तराबद्दल फार लिहीत नाही, ते पुस्तकात आहे. विरलेल्या भागाच्या चारी बाजूंना चांगलं कापड लागेपर्यंत बाहेर जायचं आणि तिथून आधार द्यायचा. आमच्या बाबतीत अकरा फुटांच्या बाहेर, म्हणजे जिन्याच्या वळणापर्यंत. दोन दिवसांचं काम. खरी पंचाईत दोऱ्याची.

काळ नव्याने तयार करता येत नाही, हे आमच्या यंत्राचं पहिलं कलम. रफूला दोरा लागतो तो आसपासच्या चांगल्या कापडातूनच काढावा लागतो, आणि काढताना ते कापड विरता कामा नये. म्हणून वेगाची मर्यादा. ती आम्ही संगणकांकडून उचलली आहे. इंटरनेटवरून घड्याळं जुळवायची जी नेहमीची पद्धत आहे तिच्यात चूक १२८ मिलिसेकंदांच्या आत असेल तर घड्याळ उडी मारत नाही. सेकंदाला जास्तीत जास्त अर्धा मिलिसेकंद अशा चालीने हळूहळू सरकतं. उडी मारली की मधले क्षण कुणाचेच राहत नाहीत. पृथ्वीच्या फिरण्याशी घड्याळं जुळवायला मधूनच घालतात तो अधिकचा (लीप) सेकंद सगळ्या जगाने शेवटचा घातला तो भारतात १ जानेवारी २०१७च्या पहाटे ५ वाजून २९ मिनिटं ५९ सेकंदांनंतर; तो एक सेकंदसुद्धा काही मोठ्या कंपन्यांनी उडी टाळायला दिवसभरात पसरून वाटला होता. (जाता जाता: या चालीने मुंबईने आपली ३९ मिनिटं भरली असती तर ५४ दिवस लागले असते. शहराने भांडायला एकोणपन्नास वर्षं घेतली. मला ती फुकट गेली असं वाटत नाही, पण तो वेगळा विषय.)

सेकंदाला अर्धा मिलिसेकंद म्हणजे दिवसाला ४३.२ सेकंद. २८ मिनिटं भरायला ३९ दिवस.

चाळीची सभा तळमजल्यावर, गणपती बसवतात त्या जागेत झाली. मी समजावलं की दोरा सगळ्यांत उत्तम निघतो तो वाट बघण्याच्या वेळातून. घट्ट असतो आणि मालकाला त्याची उणीव भासत नाही. पहाटे नळाशी भांडी लावून उभं राहता, त्यातून घेऊ. खोलीमागे दिवसाला दीड सेकंदसुद्धा पडणार नाही.

लगेच वाद. पहिल्या मजल्यावरचे एक काका उठले: "दुसऱ्या मजल्याचा बिघाड, दोरा आमचा का?" तिसऱ्या मजल्यावरच्या एकांचं म्हणणं, आमच्याकडे प्रेशर कमी, आम्ही जास्त वेळ उभे राहतो, मग आमचा वाटा जास्त धरणार का? रास्त प्रश्न होता. मी नाही म्हणालो. खोली ३० मधल्या गृहस्थांनी साफ नकार दिला. ते डॉकयार्ड रोडला ठरलेली पनवेल गाडी पकडतात, जिन्याच्या शेवटच्या पायरीवर पाय पडतो तेव्हा गाडी हलत असते. "दीड सेकंद तुम्हाला काही नाही वाटत साहेब. माझी पुढची गाडी अकरा मिनिटांनी आहे." त्यांना वगळलं. जबरदस्तीचा दोरा तुटतो, हा अनुभव आहे. आजींची खोली सोडून उरल्या तीस खोल्या.

सगळ्यांत आधी हो म्हणाल्या त्या खोली १८ मधल्या काकू. म्हणाल्या, "माझा कुकर गेला तो गेला, पण त्या म्हातारीला सोडवा." मी कुकर भरून देतो म्हणालो होतो. दिलाही. पाच लिटरचा, त्यांच्या पसंतीचा.

आजींना मात्र सोडवून घ्यायचं होतं की नाही याची मला खात्री नव्हती. सभा झाल्यावर मी वर गेलो आणि स्पष्ट विचारलं. त्या बराच वेळ घड्याळाकडे बघत होत्या. "त्या पोरांना मार बसला ना," म्हणाल्या, "करा मग."

एकोणचाळीस दिवस

पहिल्या दिवशी ४३ सेकंद परत आले. आजी खुर्चीत बसल्या आणि 'मध्ये काही नाहीच' यात पहिल्यांदा काहीतरी आलं: वरच्या मजल्यावरून कोणीतरी बादली ओतल्याचा आवाज. त्यांनी तो मला दुसऱ्या दिवशी सांगितला, कौतुकाने. दहाव्या दिवशी सात मिनिटं झाली होती आणि कौतुक संपलं होतं. "इतका वेळ मी काय करू रे?" अहोजाहो करणाऱ्या आजी एव्हाना मला अरेतुरे करू लागल्या होत्या. सतराव्या दिवशी त्या रडल्या, असं नातसुनेने सांगितलं. नवऱ्यासाठी की सासऱ्यांसाठी की आणखी कोणासाठी, ते तिने विचारलं नाही. मीही नाही.

तांत्रिक बाजूने सांगण्यासारखं कमी आहे. झोळ रोज ठरल्याप्रमाणे उतरत गेला. बाविसाव्या दिवशी दोरा एकदम बारीक आला. शोध घेतला तर त्या पहाटे पाणी वेळेआधी आलं होतं आणि रांगच लागली नव्हती. दुसऱ्या दिवशी भरून काढलं. हद्द अकरा फुटांवरून आधी जिना सोडून आली, मग खोली १८चा उंबरा, मग मीटर. मीटर मोकळं झालं तो दिवस एकतिसावा. लाइनमनला फोन केला, तो म्हणाला, "भिंत सुधारली का?"

पंचवीस दिवसांच्या पुढे आजी त्या वेळेत तांदूळ निवडायला लागल्या. नंतर नुसत्याच गॅलरीत येऊन उभ्या राहायच्या. खुर्ची हलवू का विचारलं तर नको म्हणाल्या.

शेवटच्या दिवशी मी चाचणी परत घेतली, तशीच. चार वाजून पाच मिनिटांनी एका पातेल्यातला चहा, दोन कप, एक स्टुलावर, एक जिन्याच्या कठड्यावर. आमच्या तुकडीतली ती मुलगी जिन्यात घड्याळ घेऊन उभी, मी दारात. आजी खुर्चीत बसल्या होत्या, डोळे उघडे ठेवून, आणि मला मामंजींचं दाभण कुठल्या डब्यात ठेवलंय ते सांगत होत्या. ४ वाजून ३४ मिनिटांनी मुलीने कठड्यावरचा कप आणून स्टुलावरच्या कपाशेजारी ठेवला. दोन्हींवर सारखीच साय.

आजींनी आपला कप तोंडाला लावला. "गार झाला," म्हणाल्या, आणि दोन्ही कप घेऊन गॅसकडे गेल्या.